पट्टवायांचा संवत्

काही वर्षांपूर्वी मी एक कादंबरी लिहायला घेतली होती आणि सत्तर-ऐंशी पाने झाल्यावर ती टाकून दिली. तिच्यात एका आडबाजूच्या खोऱ्यात राहणारी विणकरांची एक श्रेणी होती. हे विणकर कापड विणत नसत, काळ विणत. रोज सूर्य उगवला की एक पांढरा धागा मागावर चढायचा, मावळला की काळा. धागा तुटला तर जगातला तो दिवस कोणाच्याच आठवणीत राहायचा नाही, म्हणून पिढ्यान् पिढ्या ती माणसे मागावरून उठत नसत. राजे येत, लढाया होत, खोऱ्याबाहेर नगरे जळत. ह्यांचा धोटा चालूच.

कल्पना माझी नव्हती हे कबूल केले पाहिजे. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंकाची गोष्ट आहे. गुरुपत्नीसाठी आणलेली कुंडले तक्षकाने पळवली म्हणून तो नागलोकात उतरतो, तिथे त्याला दोन स्त्रिया मागावर बसलेल्या दिसतात. मागावर काळे आणि पांढरे धागे आहेत. शेजारी बारा आऱ्यांचे एक चक्र सहा कुमार फिरवीत आहेत. पुढे गुरू त्याला अर्थ सांगतात: त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे दिवस आणि रात्र, चक्र म्हणजे संवत्सर, कुमार म्हणजे सहा ऋतू. ही गोष्ट मी दरवर्षी वर्गात सांगतो. एका वर्षी मागच्या बाकावरच्या एका पोराने विचारले, "गुरुजी, पण त्यांच्या मागाला सूत कोण पुरवतं?" तो साळ्याचा मुलगा होता. मला उत्तर देता आले नाही. त्या प्रश्नातूनच कादंबरी सुरू झाली.

ती का टाकली, हे सांगण्यासाठी हा लेख आहे. एका उन्हाळ्याच्या सुट्टीत कादंबरीला थोडा जुना रंग यावा म्हणून मी प्राचीन शिलालेखांची पुस्तके चाळू लागलो. श्रेणी म्हणजे कारागिरांचा संघ. तो कसा चाले, त्याचे नियम काय, एवढेच मला हवे होते. पण वाचता वाचता माझ्या लक्षात आले की मी जी माणसे मनाने उभी करीत होतो ती खरोखर होऊन गेली आहेत, आणि माझ्या कागदी विणकरांपेक्षा त्यांची कामगिरी कितीतरी मोठी आहे.

आधी घराजवळचे उदाहरण देतो. नाशिकच्या पांडवलेण्यांत दहाव्या क्रमांकाचे लेणे क्षहरात राजा नहपान ह्याचा जावई उषवदात ह्याने कोरवून घेतले. त्याच्या ओसरीच्या भिंतीवर लेख आहेत. त्यांतल्या एकात बेचाळीस ह्या वर्षी केलेले दान नोंदलेले आहे. उषवदाताने तीन हजार कार्षापण भिक्षूंसाठी दिले, पण ते भिक्षूंच्या हातात दिले नाहीत. गोवर्धन येथल्या विणकरांच्या श्रेण्यांकडे ठेव म्हणून ठेवले. लेखात विणकरांसाठी शब्द आहे 'कोलिक'. एका श्रेणीकडे दोन हजार, व्याज दरमहा दरशेकडा एक. दुसरीकडे एक हजार, व्याज दरमहा दरशेकडा पाऊण. मुद्दल परत द्यायचे नाही. फक्त व्याज भोगायचे. पहिल्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी मिळायचे.

मी मास्तर असल्यामुळे माझा हात आपोआप पाटीकडे गेला. दोन हजारांवर शेकडा एक म्हणजे महिन्याला वीस. वर्षाला दोनशे चाळीस. वीस भिक्षूंना बारा बारा म्हणजे दोनशे चाळीस. बाकी शून्य! पुढे शाळेची सहल पांडवलेण्यांना नेली तेव्हा सातवीच्या मुलांना त्याच ओसरीत बसवून हे सरळव्याज करायला लावले. अठराशे-एकोणीसशे वर्षांपूर्वीचे उदाहरण बिनचूक सुटले ह्याचा त्यांना जो आनंद झाला, तो पुस्तकातल्या कुठल्याही उदाहरणाने झालेला मी पाहिलेला नाही.

परंतु गणितापेक्षा मोठी गोष्ट त्या ठेवीच्या मागे आहे. मुद्दल कधीच परत घ्यायचे नाही, अशा ठेवीला 'अक्षयनीवी' म्हणत. राजाचा जावई, पदरी सत्ता, खजिना. त्याला आपले दान कायमचे टिकावे असे वाटते तेव्हा तो ते सासऱ्याच्या कोठारात ठेवीत नाही. मागावर बसणाऱ्या माणसांकडे नेऊन देतो. राज्य आज आहे, उद्या नसेल, हे त्याला कळत असले पाहिजे. तसे झालेही. गौतमीपुत्र सातकर्णीने क्षहरातांचा निःपात केला आणि नहपानाच्या नाण्यांवर आपला ठसा मारला. असे दुहेरी ठशाचे हजारो रुपये नाशिक जिल्ह्यातल्या जोगळटेंभीच्या साठ्यात सापडले आहेत. विणकरांच्या श्रेणीवर मात्र कोणी ठसा मारल्याचे दिसत नाही.

उत्तरेतही असेच. स्कंदगुप्ताच्या काळी, इ. स. ४६५ च्या सुमारास, इंद्रपूर येथल्या सूर्यमंदिरात दिवा जळत राहावा म्हणून तेल्यांच्या श्रेणीकडे ठेव ठेवलेली आहे. त्या ताम्रपटात एक अट आहे: श्रेणी ते गाव सोडून दुसरीकडे गेली तरी जोवर ती एकजूट आहे तोवर तेल देण्याची जबाबदारी तिचीच. गाव सुटले तरी चालेल, एकी सुटता कामा नये.

गाव सोडून गेलेल्या आणि एकी न सोडलेल्या अशाच एका श्रेणीकडे आता वळतो.

मध्य प्रदेशात शिवना नदीच्या काठी मंदसोर आहे. त्याचे जुने नाव दशपुर. मेघदूतातला मेघ उज्जयिनीहून पुढे जाताना ह्याच गावावरून जातो आणि तिथल्या स्त्रियांच्या डोळ्यांचे कौतुक यक्षाने त्याला आधीच सांगून ठेवलेले आहे. ह्या मंदसोरात महादेव घाटावर, नदीकडे उतरणाऱ्या पायऱ्यांच्या बाजूच्या भिंतीत एक शिळा बसवलेली होती. लोक पाण्याला जात-येत, हात टेकीत असतील. १८८३ ते १८८६ ह्या काळात हिंदुस्थान सरकारचे पुराभिलेखतज्ज्ञ असलेले जॉन फेथफुल फ्लीट ह्यांच्या शोधात ती उजेडात आली. चोवीस ओळी, चव्वेचाळीस श्लोक, भाषा शुद्ध संस्कृत, कवीचे नाव वत्सभट्टी. आणि हे सगळे काव्य कोणाचे, तर रेशमाचे कापड विणणाऱ्यांच्या एका श्रेणीचे. त्यांना 'पट्टवाय' म्हणत.

हे पट्टवाय मूळचे लाट देशाचे, म्हणजे आजच्या दक्षिण गुजरातचे. दशपुरच्या राजांचे गुण ऐकून ते आधी मनाने तिकडे गेले आणि मग पोराबाळांसकट, सोयऱ्याधायऱ्यांसकट देहाने गेले, वाटेच्या हालांची त्यांनी पर्वा केली नाही, असे कवी सांगतो. राजाचे गुण वगैरे ठीक आहे. कारागीर बिऱ्हाड उचलतो तेव्हा त्यामागे गिऱ्हाईक आटलेले असते, कर वाढलेला असतो, नाहीतर कुठेतरी अधिक बरा बाजार असतो. माझ्या गावातली साळ्यांची निम्मी घरे माझ्या डोळ्यांदेखत भिवंडीला गेली. त्यांतले कोणीही भिवंडीच्या कोणाचे गुण ऐकून गेले नाही. परंतु सन्मानाने लिहून ठेवायची वेळ आली की माणूस पोटाची गोष्ट मागे ठेवतो, हे मी समजू शकतो.

दशपुरात ही मंडळी रुजली. त्यांच्यातले काही धनुर्विद्या शिकले. काही गोष्टी सांगण्यात रमले, काही धर्मचर्चेत. काहींनी ज्योतिष हस्तगत केले. काही आपल्या मागालाच धरून राहिले. हे वाचताना मी थबकलो. आपल्याला लहानपणापासून सांगितलेले असते की विणकराचा मुलगा विणकर आणि दुसरे काही नाही. इथे एका श्रेणीचा मुलगा आकाशाचे गणित करतो आहे, दुसरा रणात उतरतो आहे, आणि तरीही दोघे आपल्याला पट्टवायच म्हणवतात.

मालाची जाहिरात करायलाही ते विसरले नाहीत. तारुण्य आहे, रूप आहे, सोन्याचा हार, विडा, फुले सारे काही आहे. तरी रेशमी वस्त्रांची जोडी अंगावर आल्याशिवाय स्त्री प्रियकराला भेटायला निघत नाही, अशा अर्थाचा एक श्लोक मंदिराच्या लेखात खुशाल घातला आहे. देवळाच्या दगडावर इतकी धीट जाहिरात मी दुसरीकडे वाचलेली नाही.

मग मुख्य गोष्ट येते. साठवलेल्या पैशातून श्रेणीने सूर्याचे एक उंच, शुभ्र मंदिर बांधले. तेव्हा पृथ्वीवर कुमारगुप्ताचे राज्य होते आणि दशपुरात बंधुवर्मा सत्तेवर होता. मालवांच्या गणनेप्रमाणे ४९३ वर्षे झालेली होती. महिना पौष, शुद्ध त्रयोदशी. चंदन, पंखे आणि गच्ची नकोशी होते, मासे पाण्याच्या तळाशी जाऊन बसतात, अशी थंडी कवीने वर्णिली आहे. पुढे बराच काळ गेला, इतर राजे होऊन गेले, आणि मंदिराचा एक भाग ढासळला. त्याच श्रेणीने तो पुन्हा बांधून काढला. तेव्हा ५२९ वर्षे झालेली होती. महिना फाल्गुन, शुद्ध द्वितीया. वसंत आलेला होता.

दोन्ही तारखांत छत्तीस वर्षांचे अंतर आहे. पहिल्या तारखेला दोन राजांची नावे आहेत. दुसऱ्या तारखेला, म्हणजे लेख प्रत्यक्ष लिहिला गेला त्या वेळी, गादीवर कोण होते ह्याचा लेखात उल्लेखच नाही. गुप्तांचे साम्राज्य तोवर डळमळू लागलेले होते. कोणाचे नाव घालावे हा प्रश्नच पडला असेल, किंवा घालावे असे वाटलेच नसेल. मधल्या सगळ्या सत्तांतरांची संभावना 'इतर राजे' एवढ्या दोन शब्दांत झाली. श्रेणी मात्र दोन्ही टोकांना तीच आहे आणि तिची वर्षे एकाच सुतात मोजलेली आहेत. ही गणना काही तिने शोधून काढलेली नव्हती. त्या मुलखात तीच चालत असे, दशपुरचा नरवर्मा ह्याच्या लेखातही तिचेच वर्ष आहे. पण गुप्त राजे स्वतःच्या लेखांत स्वतःचा संवत् वापरीत. सम्राट कुमारगुप्ताचे नाव आणि मालवांचे वर्ष एकाच दगडावर आले ते ह्या पट्टवायांच्यामुळे.

ह्याचे महत्त्व समजण्यासाठी एकोणिसाव्या शतकातल्या पंडितांची अडचण पाहिली पाहिजे. गुप्त राजांचे लेख सापडले होते, नाणी सापडली होती, त्यांवर वर्षेही होती. पण ती वर्षे कुठून मोजायची? अल्बेरूनीने अकराव्या शतकात लिहून ठेवले होते की गुप्तांचा संवत् शकानंतर २४१ वर्षांनी सुरू होतो, म्हणजे इ. स. ३१९ मध्ये. पण गुप्त नष्ट झाले त्या घटनेपासून तो मोजतात, असेही त्यानेच लिहिले होते. तेव्हा ३१९ हा गुप्तांचा आरंभ की अंत? एडवर्ड टॉमस संवताचा आरंभ शकाबरोबरच, इ. स. ७८ च्या सुमारास नेत होते. कनिंगहॅम १६६ म्हणत. फर्गसन ३१८-१९ म्हणत; आपले डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर अल्बेरूनीचा आकडा मानून ३१९ च्या बाजूचे. सबंध गुप्तकाळ, आणि त्याच्याबरोबर कालिदास, आर्यभट, अजिंठा, सारेच अडीचशे वर्षांच्या पट्ट्यात अधांतरी झुलत होते.

विक्रमसंवताचीही तीच गत. फर्गसन ह्यांनी तर्क मांडला होता की हा संवत् मुळात जुना नाहीच, इ. स. ५४४ मध्ये उज्जयिनीच्या एका विक्रमादित्याने लढाई जिंकली आणि तिच्या स्मरणार्थ संवत् काढताना तो सहाशे वर्षे मागे ढकलून दिला. मॅक्सम्युलरसारख्या पंडितानेही हा तर्क उचलून धरला.

पट्टवायांची शिळा पुढे आल्यावर ह्या गाठी सुटू लागल्या. मालवांची वर्षे म्हणजेच पुढे ज्याला विक्रमसंवत् म्हणू लागले तो, असे धरले तर ४९३ म्हणजे इ. स. ४३६ चा शेवट. गणनेत एका वर्षाचा फरक मानला तर ४३७. कुमारगुप्ताची त्याच्या स्वतःच्या संवतातली ज्ञात वर्षे ९६ ते १२९. त्यांत ३१९ मिळवा: ४१५ ते ४४८. पट्टवायांचे ४३६ बरोबर मधे येऊन बसते. १६६ मिळवा, ७८ मिळवा. कुठेच बसत नाही. आणि ५४४ च्या आधी, ४७३ मध्येच, लोक ह्या संवताने तारखा घालीत होते हे दिसल्यावर फर्गसनच्या तर्काला उभे राहायला जागा उरली नाही.

चाणाक्ष वाचक इथे मला अडवील. एका अज्ञाताला दुसऱ्या अज्ञाताचा टेकू दिला, दोघेही पडणार नाहीत कशावरून? शंका रास्त आहे. म्हणून तिसरा आधार हवा होता, आणि तो आला एका शाळामास्तराकडून. दापोली तालुक्यातल्या मुरुडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित. १८५३ चा जन्म. मॅट्रिक झाले आणि पुढे शिक्षण नाही. रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे, पुणे अशा बदल्या घेत शिक्षकी केली, आणि दिवे लावून रात्री जुन्या तिथ्यांचे गणित केले. फ्लीटसाहेबांनी गुप्त लेखांतल्या तिथ्या तपासायला त्यांच्याकडेच दिल्या. एरण येथे बुधगुप्ताच्या काळचा एक स्तंभ आहे. त्यावर गुप्तवर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी आणि गुरुवार, असा वारासकट दाखला आहे. वाराला सवलत नसते. आरंभ ३१९ धरून गणित केले तर उत्तर येते २१ जून ४८४, आणि त्या दिवशी गुरुवार होता. फ्लीट ह्यांचा गुप्तलेखांचा ग्रंथ १८८८ मध्ये प्रसिद्ध झाला त्यात ही गणिते आहेत. भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास दीक्षितांनी मराठीत लिहिला, तो १८९६ मध्ये निघाला. १८९८ मध्ये, पंचेचाळिसावे वर्ष पुरे व्हायच्या आत, ते गेले.

मीही मॅट्रिकच्या पुढे गेलो नाही आणि माझे वय आज तेच आहे. तुलना करण्याचा हेतू नाही. ती करण्याजोगी नाहीच. पण शिक्षकांच्या खोलीत "आपण मास्तर माणसे, आपल्याला काय करायचंय" हे वाक्य ऐकू आले की मला एरणचा गुरुवार आठवतो आणि मी खिडकीबाहेर पाहू लागतो.

वत्सभट्टीबद्दल दोन शब्द राहिले. संस्कृतज्ञ त्याला फारसे मानत नाहीत. त्याने शब्द भरीला घातले, वर्णने ओढूनताणून आणली, असे म्हणतात. त्याने स्वतःही हे काव्य प्रयत्नाने रचल्याचे प्रांजळपणे सांगितले आहे. पण कीलहॉर्न आणि ब्यूलर ह्यांना त्याच्या श्लोकांत मेघदूताची आणि ऋतुसंहाराची छाया दिसली. नक्कल आहे तर मूळ आधीचे असले पाहिजे. तेव्हा कालिदास ४७३ च्या आधीचा ठरला. कालिदासाने स्वतःचा काळ कुठेही सांगितलेला नाही. त्याच्या काळाची खालची कड धरून ठेवली ती पट्टवायांकडून काम घेतलेल्या एका मध्यम कवीने. आम्हा साधारण लेखकांना दिलासा वाटावा अशी ही गोष्ट आहे.

ते सूर्यमंदिर आज उभे नाही. मंदिर टिकावे म्हणून ज्यांनी दोनदा पैसा घातला त्यांचे देऊळ गेले आणि त्याची हकीकत सांगणारा दगड तेवढा पायऱ्यांच्या भिंतीत उरला. हे कळल्यावर मी माझ्या कादंबरीची पाने पुन्हा वाचून पाहिली. माझे विणकर फार गंभीर होते. आपण काळ राखतो आहोत हे त्यांना सारखे माहीत असायचे, आणि ते तसे एकमेकांना बोलूनही दाखवायचे. दशपुरच्या माणसांना असले काही ठाऊक नव्हते. त्यांना देऊळ दुरुस्त करायचे होते, खर्च कोणी केला हे लोकांना कळवायचे होते, जमल्यास चार लुगडी अधिक खपवायची होती. पाने मी पेटीत ठेवून दिली.

आमच्या गावात कापडाचे एक जुने दुकान आहे. मालक गुजराथी, सुरतेकडचे, म्हणजे जुन्या लाटेतलेच. तीन पिढ्यांपासून इथे आहेत आणि आपल्याइतकेच चांगले मराठी बोलतात. गेल्या दिवाळीत पाडव्याला मी त्यांच्याकडे वहीपूजनाला गेलो होतो. कोऱ्या वहीला कुंकू लावून त्यांनी पहिल्या पानावर लाल शाईने विक्रमसंवताचे नवे वर्ष घातले. मी विचारले, "शेठ, हे वर्ष कोणी चालू केलं, ठाऊक आहे?"

"मास्तर, बापा लिहीत होते म्हणून मी लिहितो," ते म्हणाले. "चुकलं का काही?"

नाही म्हणालो. त्यांनी पेढा दिला, पान उलटले आणि गेल्या वर्षीची येणी नव्या वहीत उतरवायला घेतली. वरून तिसरे नाव माझे होते, मुलीच्या गणवेशाच्या कापडाची बाकी.